मुलीलाच विचारावे

शास्त्रवाचन : उत्पत्ति 24:50-61

रिबकेच्या लग्नाची बोलणी झाली, दागिने व वस्त्रे देऊन झाली. तरी निघण्याच्या वेळी घरच्यांनी तिला बोलावून विचारले, आणि तिने होकार दिल्यावरच तिची पाठवणी केली. प्रश्न लगेच निघण्यापुरता होता, हे खरे. पण उत्तर तिच्याच तोंडून घेतले, हे संडेस्कूलच्या शिक्षकांनी निसटू देऊ नये.

आमच्या कुकटपल्लीसारख्या ठिकाणी मराठी घरातील मुले तेलुगू, कन्नड, हिंदी बोलणाऱ्यांबरोबर शिकतात, नोकरी करतात, व तेथेच लग्नेही ठरवतात. मुलगी घरातून गेली की आईबाप प्रथम पोलीस ठाण्यात जातात. मग कोणीतरी सल्ला देतो, ‘हायकोर्टात हेबियस कॉर्पस करा, मुलगी परत मिळेल.’

हा सल्ला अर्धवट आहे. घटनेच्या 226 व्या कलमाखाली होणारा हा अर्ज बेकायदा कोंडून ठेवलेल्या व्यक्तीला कोर्टापुढे हजर करण्यासाठी आहे. कोर्ट वय पाहते, मग तिला स्वतःला विचारते. ती सज्ञान असून आपल्या खुशीने राहत असेल तर अर्ज तेथेच संपतो. तिला खरोखरच डांबले असेल, तर मात्र हाच अर्ज तिची सुटका करतो. आणि आईबापांनीच कोंडले असेल तर नवराही तो करू शकतो!

केरळात एका पित्याने 2016 साली असा अर्ज केला. मे 2017 मध्ये तेथील उच्च न्यायालयाने त्या सज्ञान मुलीचा विवाहच रद्द ठरवला व तिला पित्याच्या स्वाधीन केले. सर्वोच्च न्यायालयाने तिला समक्ष बोलावून तिचे ऐकले, आणि 8 मार्च 2018 रोजी तो निकाल फिरवला. हेबियस कॉर्पसच्या अर्जावर विवाह रद्द करता येत नाही, असे ठरले.

त्या मुलीने धर्मांतर केले होते, म्हणून आपल्यातील काहींना पित्याची बाजू जवळची वाटली. त्यांनी आपल्याच मंडळीचा इतिहास आठवावा. 1839 साली धनजीभाई नवरोजी या पारशी तरुणाचा बाप्तिस्मा झाला, तेव्हा डॉ. जॉन विल्सन यांच्यावर मुंबईच्या सुप्रीम कोर्टात हाच अर्ज आला होता. कोर्टाने त्याला हवे तेथे जाण्याची मोकळीक दिली, व तो विल्सनसाहेबांकडे राहिला. 1843 साली नारायण शेषाद्रींचा धाकटा भाऊ श्रीपत याला मात्र घरच्यांच्या स्वाधीन केले, कारण तो लहान होता. धनजीभाईंची गोष्ट आपण अभिमानाने सांगतो. त्यांच्या घरी त्या दिवशी किती रडारड झाली असेल, हे सांगत नाही.

वर्गात चर्चेसाठी : आपली पंचवीस वर्षांची मुलगी मंडळीबाहेरच्या मुलाशी लग्न करून गेली, तर पाळकसाहेबांनी प्रथम कोणाच्या घरी जावे, व तेथे तिला काय विचारावे?