पंचांगामागचे गणित : गणेश दैवज्ञांचे 'ग्रहलाघव'



गुढीपाडवा कोणत्या वारी, संकष्टी आज की उद्या, हे आपण भिंतीवरच्या दिनदर्शिकेत पाहतो आणि कामाला लागतो. ते कोणी ठरवले, कसे ठरवले, हे सहसा कोणी विचारत नाही. मात्र एखाद्या सणाला दोन पंचांगांत एका दिवसाचा फरक पडला की घराघरांत चर्चा सुरू होते आणि शाळेतही विचारणा होते, "सर, खरा दिवस कोणता?" म्हणून या अंकासाठी आम्ही हा पाठ निवडला आहे. वही-पेन्सिल जवळ ठेवावी.

कोकणात मुरूड-जंजिऱ्याजवळ समुद्रकाठी नांदगाव आहे. तेथील केशव दैवज्ञ यांनी इ.स. १४९६ च्या सुमारास 'ग्रहकौतुक' हा ग्रंथ रचला. त्यांचे पुत्र गणेश दैवज्ञ यांनी शके १४४२, म्हणजे इ.स. १५२० हे आरंभवर्ष धरून 'ग्रहलाघव' लिहिले. लाघव म्हणजे सोपेपणा. पुढे तीन शतकांहून अधिक काळ महाराष्ट्रातली पंचांगे मुख्यतः याच ग्रंथावरून होत. युरोपात राइनहोल्ड यांची कोष्टके १५५१ मध्ये आणि केप्लर यांची १६२७ मध्ये निघाली. तेव्हा हे काम त्या काळी जगात ठिकठिकाणी चालू होते.

सोपेपणा कशात होता? जुन्या पद्धतीत कलियुगाच्या आरंभापासूनचे दिवस मोजत. १५२० पर्यंत ती संख्या सुमारे १६ लाख ८८ हजार झाली होती. तिला प्रत्येक ग्रहाच्या गतीने गुणायचे, भागायचे, तेही हाताने! गणेश दैवज्ञांनी ११ वर्षांचे एक 'चक्र' केले. एका चक्राचे ४०१६ दिवस. आरंभीचे ग्रहस्थान आणि एका चक्रात पडणारा फरक त्यांनी तयार देऊन ठेवला. उरलेले दिवस फार तर चार हजारांच्या आसपास. शिवाय ज्या (साइन) न वापरता, दर १५ अंशांना तयार आकडे देऊन त्यांनी काम भागवले. आमच्या मते ग्रंथाची खरी करामत हीच आहे.

आता प्रत्यक्ष करून पाहू. शके १९४६ चा गुढीपाडवा घ्या. १९४६ मधून १४४२ वजा केले की ५०४. यास ११ ने भागले की चक्रे ४५, बाकी ९ वर्षे. ९ गुणिले १२ म्हणजे १०८ महिने. यात चैत्रापासून गेलेले महिने मिळवायचे. पाडव्याला ते शून्य. (आमचे स्वतःचे शिक्षण हिंदी माध्यमात झाले. तिकडे महिना पौर्णिमेला संपतो, आपल्याकडे आणि गुजरातीत अमावास्येला. आपली श्रावण वद्य अष्टमी त्यांची भाद्रपदातली असते. येथे अमान्त महिनाच घ्यावा.)

आता अधिकमास. १०८ मध्ये चक्रांची दुप्पट ९० आणि वर १० मिळवा : २०८. यास ३३ ने भागा : ६. म्हणून महिने ११४. त्यांना ३० ने गुणले की ३४२० तिथी. गेलेल्या तिथी शून्य. चक्रांचा सहावा भाग, ७, मिळवा : ३४२७. हा सहावा भाग कशासाठी? १३६ चांद्रमासांचे ४०१६ दिवस आणि वर दिवसाचा सुमारे सहावा भाग होतो, तो येथे भरून निघतो. शेवटी क्षयदिवस : ३४२७ भागिले ६४ म्हणजे ५३. ते वजा केले की ३३७४. हा अहर्गण.

वार काढण्यासाठी चक्रांना ५ ने गुणा, कारण ४०१६ ला ७ ने भागले की ५ उरतात. २२५ अधिक ३३७४ म्हणजे ३५९९. ७ ने भागून बाकी १. आरंभदिवस सोमवार होता, म्हणून बाकी १ म्हणजे मंगळवार. ९ एप्रिल २०२४ रोजी पाडवा होता आणि तो मंगळवारच होता! पाचशे चार वर्षांनंतरही एका दिवसाची चूक नाही.

आता हेच शके १९४७ साठी करा. उत्तर शनिवार येईल. पाडवा मात्र रविवारी, ३० मार्च २०२५ रोजी होता. हे गणित चंद्र एकाच वेगाने चालतो असे धरते. प्रत्यक्षात तो कधी जलद, कधी मंद चालतो. तिथी सुमारे २० तासांची असते, कधी जवळजवळ २७ तासांची. म्हणून वार जुळवून एक दिवस कमीजास्त करण्याची रीत होती. तिथीचा नेमका शेवट काढण्यासाठी गणेश दैवज्ञांनी १५२५ मध्ये 'तिथिचिंतामणी' ही कोष्टके वेगळी केली.

पिता-पुत्र ग्रंथांवर विसंबून राहिले नाहीत. पुढच्या गणकांनी ग्रहांच्या युती, उदय-अस्त पाहून गणित सुधारून घ्यावे, असे केशव दैवज्ञांनी लिहून ठेवले. मुलाने तसेच केले. सूर्य सौरपक्षाचा, चंद्र त्याच पक्षाचा पण ९ कला कमी, मंगळ व गुरू आर्यपक्षाचे, शनी आर्यपक्षाचा पण ५ अंश अधिक. ज्या ग्रंथाचा जो ग्रह आकाशाशी जुळला, तो त्यांनी घेतला.

तरीही काळाने फरक पडलाच. सौरपक्षाचे वर्ष खऱ्या नाक्षत्र वर्षापेक्षा सुमारे साडेतीन मिनिटांनी मोठे आहे. पाचशे वर्षांत ते सव्वा दिवसाच्या आसपास जाते. १८६० मध्ये केरो लक्ष्मण छत्रे यांनी युरोपीय आधारावर मराठीत 'ग्रहसाधनाची कोष्टके' छापली आणि १८६५ पासून पटवर्धनी पंचांग निघू लागले. त्यावर खूप वाद झाला. जुने सोडणे धर्मबाह्य, असे कित्येकांना वाटले. केशव दैवज्ञांचे ते वाक्य त्यांच्यासमोर ठेवायला हवे होते.

पालकांच्या प्रश्नाचे उत्तर मात्र कधी कधी गणितापेक्षा गावात असते. सोलापूरपेक्षा आपले वडोदरा रेखांशाने सुमारे पावणेतीन अंश पश्चिमेला आहे, म्हणजे सूर्योदय तेवढ्यापुरता ११ मिनिटे उशिरा. हिवाळ्यात फरक आणखी वाढतो, उन्हाळ्यात घटतो. मुंबईशी रेखांशाचा फरक जेमतेम दीड मिनिटाचा. सूर्योदयाची तिथी धरायची असेल आणि तिथी नेमकी त्या मिनिटांत संपत असेल, तर दोन्ही पंचांगे आपापल्या गावी बरोबर ठरतात. पंचांगाच्या सुरुवातीच्या पानांवर सूर्योदय कोणत्या गावचा धरला आहे ते पाहून घ्यावे.

ज्यांना गोडी लागली असेल त्यांनी शके १९४८ चा पाडवा काढावा. उत्तर महिनाभर पुढे जाईल, कारण सूत्राने अधिकमास ३ येतील आणि त्या वर्षीचा अधिक ज्येष्ठ पाडव्यानंतर येतो. ३ च्या जागी २ घेऊन पुन्हा करा, आणि वही गणिताच्या शिक्षकांना दाखवा.