मूळ संख्या : ओळख आणि मोजणी

मी कला शाखेचा पदवीधर. बँकेच्या लेखी परीक्षेची तयारी करताना ९१ ही संख्या मी कितीदा तरी मूळ म्हणून मोजली. दिसायला ती तशीच वाटते. पण ९१ म्हणजे ७ × १३. दिसण्यावर जाऊ नये, भागून पाहावे, हा धडा तेव्हा मिळाला.

ज्या संख्येला १ आणि ती स्वतः असे दोनच विभाजक असतात, ती मूळ संख्या. १ ला एकच विभाजक आहे, म्हणून १ मूळ नाही आणि संयुक्तही नाही. २ ही एकमेव सम मूळ संख्या होय.

आता हा संच पाहा : १, २, २७, ५१, ५७, ६१, ८७, ९१, ९७. यात मूळ संख्या किती?

१२१ पेक्षा लहान संख्येसाठी २, ३, ५, ७ एवढेच भाजक पुरेत. यांपैकी एकानेही भाग न जाणाऱ्या संयुक्त संख्येचे अवयव किमान ११ असणार, आणि ११ × ११ = १२१.

१ वगळा, २ मोजा. २७, ५१, ५७, ८७ यांच्या अंकांच्या बेरजेला ३ ने भाग जातो, त्या गेल्या. ९१ ला ७ ने भाग जातो. ६१ व ९७ उरतात. उत्तर : ३.

१ ते १०० मध्ये अशा २५ संख्या आहेत. मी सांगतो म्हणून मानू नका. वही घ्या आणि स्वतः मोजा.