जमिनीच्या पोटातील पाणी

पुण्याजवळचे वारजे हे गाव १९९७ साली महानगरपालिकेत सामील झाले. गेल्या वैशाखात तेथे आम्हांस एक जुनी विहीर पाहावयास मिळाली. मोटेची धाव व थारोळे अद्याप ओळखू येतात. तळाशी मात्र कचरा व थोडा चिखल. त्याच वेळी शेजारच्या इमारतीच्या आवारात पाण्याचा टँकर रिकामा होत होता. तेथील एका वृद्ध गृहस्थांनी सांगितले की, त्यांच्या बोअरला दोनशे फुटांवर पाणी लागले होते, मग शेजाऱ्यांनी चारशे फुटांची बोअर घेतली, आणि आता दोघेही टँकरची वाट पाहतात. हेच आमच्या खेड्यांतही चालले असल्यामुळे हा विषय वाचकांपुढे ठेवीत आहोत.

पुष्कळांची अशी समजूत आहे की, जमिनीखाली नद्या वाहतात, आणि बोअर नदीस लागली की पाणी अखंड येते. आपल्या भूमीची रचना तशी नव्हे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी भूमीस भेगा पडून तप्त लाव्हारस बाहेर आला व थरावर थर साचून थिजला. तोच आपला काळा पाषाण. महाराष्ट्राची सुमारे आठ दशांश भूमी त्याचीच आहे. वर माती, तिच्याखाली मुरूम, मग मांजऱ्या व त्याखाली घट्ट पाषाण. पाणी राहते ते मुरुमाच्या कणांत, मांजऱ्याच्या छिद्रांत आणि पाषाणाच्या फटींत. पाणी धरणाऱ्या अशा थरास जलधर म्हणतात. एका जलधरावर दहा जणांच्या दहा विहिरी असल्या तरी भांडे एकच असते. खालच्या फटींतील पाणीही बहुधा वरूनच झिरपलेले असते. म्हणून खोल बोअर पुष्कळ ठिकाणी नवे पाणी न आणता शेजाऱ्याच्या उथळ विहिरीचेच पाणी खाली ओढते.

हे भांडे किती लहान आहे ते पाहावे. शंभर भाग मुरूम-मांजऱ्यातून काढता येण्याजोगे पाणी साधारणतः दोन भाग असते. या मानाने एक हेक्टराखालील पातळी एक मीटर उतरली, तर दोन लाख लिटर, म्हणजे दहा हजार लिटरांचे वीस टँकर पाणी निघते. ५०० हेक्टरांच्या गावी तेच दहा कोटी लिटर होते. आता हजार वस्तीच्या गावास माणशी रोज ५५ लिटर धरले, तर वर्षाला दोन कोटी लिटर लागतात. मग बाकीचे जाते कोठे? एक हेक्टर ऊस, पावसाचे धरून, वर्षाकाठी सुमारे दोन कोटी लिटर पाणी घेतो! आम्ही हा हिशेब पुन्हा करून पाहिला, तो तसाच आला. ऊस लावणाऱ्यास आम्ही दोष देत नाही. त्यासही कर्ज फेडावयाचे असते. परंतु एका मळ्याचे पाणी हे साऱ्या गावाच्या घागरींइतके आहे, हे त्यास कोणी सांगितलेलेच नसते.

कायद्यानेही दीर्घकाळ उलटाच धडा दिला. १८८२ च्या सुविधाधिकाराच्या कायद्याने आपल्या जमिनीखालचे, निश्चित प्रवाहात न वाहणारे पाणी हवे तसे काढण्याचा हक्क मालकास दिला. पुढे महाराष्ट्राने १९९३ साली पिण्याच्या पाण्याच्या सार्वजनिक उद्भवापासून ५०० मीटरांच्या आत नवी विहीर घेण्यास निर्बंध घातला, आणि २००९ च्या भूजल अधिनियमात ६० मीटर वा त्याहून खोल विहिरीची वेगळी गणना केली. पण पोलीस काही प्रत्येक बोअरपाशी उभा राहू शकत नाही. अहिल्यानगर जिल्ह्यातील हिवरे बाजारच्या लोकांनी पाऊस मोजून पाण्याचा जमाखर्च मांडण्याची, त्यावरून पिके ठरविण्याची, आणि शेतीसाठी बोअर न घेण्याची रीत आपण होऊन घातली. आमच्या मते हाच मार्ग टिकणारा आहे.

वारजेकर म्हणतील, वर खडकवासल्याचे धरण, गावात जलशुद्धीकरण केंद्र; आम्हांस विहिरींची काय चिंता? परंतु १२ जुलै १९६१ रोजी पानशेत व त्यापाठोपाठ खडकवासला फुटले, तेव्हा पुण्याचे नळ कोरडे पडले आणि जुने हौद व विहिरीच कामास आल्या. वारज्यास वनखात्याच्या जमिनीवर नागरी वन उभे राहिले आहे, त्याचा लाभ सावलीपुरता नाही. उतारावर थबकलेला पाऊस तेथून जमिनीत मुरतो.

आपल्या गावी आरंभ करावयाचा तर एक दोरी, तिला दगड व फुटाफुटाच्या गाठी एवढेच साहित्य पुरे. दिवाळीत व पुन्हा वैशाखात सार्वजनिक विहिरीच्या काठापासून पाणी किती खाली आहे ते मोजावे, आणि तारखेसह वहीत लिहून ती चावडीवर सर्वांस पाहता येईल अशी ठेवावी.