मित्रमंडळाचा विनोद आणि नायिकेचे स्थान

साहित्यकृतीचा कर्ता एकच असतो, हे गृहीतक विनोदी नटमंडळांच्या निर्मितीला लागू पडत नाही. तेथे संहिता पाचसहा जणांनी मिळून सिद्ध केलेली असते आणि लिहिणारेच पुढे रंगमंचावर वा पडद्यावर भूमिकाही करतात. अशा सामूहिक कर्तृत्वाचा प्रेमकथेच्या घडणीवर कोणता परिणाम होतो, या प्रश्नाच्या विवेचनासाठी ‘पडल क्रूझर’ (१९९६) हा अल्पखर्ची अमेरिकन चित्रपट उपयुक्त आहे.

न्यूयॉर्क राज्यातील हॅमिल्टन येथील कोलगेट विद्यापीठात १९९० च्या सुमारास विद्यार्थ्यांचे एक विनोदी मंडळ उदयास आले. त्यातूनच पुढे ‘ब्रोकन लिझर्ड’ हा पाच जणांचा संच स्थिर झाला : जय चंद्रशेखर, केव्हिन हेफर्नन, स्टीव्ह लेमी, पॉल सोटर आणि एरिक स्टोलहान्स्की. ‘पडल क्रूझर’ हा त्यांचा पहिला चित्रपट होय. त्याचे दिग्दर्शन चंद्रशेखर यांनी केले. ‘सुपर ट्रूपर्स’ (२००१) या चित्रपटाने मंडळाला मिळवून दिलेली प्रसिद्धी नंतरची. चंद्रशेखर यांचे आईवडील तमिळ असले, तरी तेवढ्यावरून या चित्रपटाशी भारतीय नाते जोडणे उचित ठरणार नाही. तुलनेचा खरा आधार रचनेत शोधावयास हवा.

कथानक साधे आहे. फेलिक्स हा विद्यार्थी सुझॅन या विद्यार्थिनीच्या प्रेमात पडतो. परंतु तिचा प्रियकर रग्बी खेळणारा गडी आहे, आणि फेलिक्सही अखेर त्याच खेळात उतरतो. प्रियेसाठी परक्या क्षेत्रात शिरून फजिती ओढवून घेणारा नायक सुखात्मिकेला नवा नाही. विशेष लक्षात घ्यावयाचे ते नायकाभोवतीचे मित्रांचे कोंडाळे. खर्चाची मर्यादा असली म्हणजे देखावे व गर्दी यांना फाटा मिळतो. परिचित परिसर, मोजकी पात्रे आणि संवाद यांवरच भिस्त राहते. प्रेमकथेच्या ओघात मित्रांच्या गप्पांना एरवी दुय्यम स्थान असते. येथे मात्र मंडळाचे मूळ सामर्थ्यच त्या गप्पांत असल्याने त्या वरचढ होतात.

संस्कृत नाटकाच्या अभ्यासकाला येथे विदूषकाची आठवण होणे स्वाभाविक आहे. ‘शाकुंतला’त दुष्यंत माढव्याजवळ आपले मन उघड करतो आणि नंतर ती सारी थट्टा होती असे त्याला सांगतो. त्यामुळे पुढे माढव्य शकुंतलेविषयी गप्प राहतो. नायकाचा मित्राशी होणारा व्यवहार कथानकाला असे वळण देऊ शकतो. परंतु माढव्याला निर्माण करणारा कवी नाटकाबाहेर उभा असतो. ‘पडल क्रूझर’मध्ये विदूषकाचे कार्य अनेकांत वाटले गेले आहे, आणि ते अनेक स्वतःच संहितेचे कर्ते आहेत. मित्राची दृष्टी हीच कृतीची दृष्टी होते.

या रचनेचा भार नायिकेवर पडतो. सुझॅनची भूमिका करणारी केरेन बटलर ही त्या पाच जणांपैकी नव्हे. नायक मंडळातला, त्याचे मित्र मंडळातले. नायिका तेवढी बाहेरून आलेली. लेखकांच्या बैठकीत जिला आसन नाही, तिचे अंतरंग प्रेक्षकाला फेलिक्सच्या धडपडीतूनच गवसते.

सई परांजपे यांनी लिहिलेला व दिग्दर्शित केलेला ‘चश्मे बद्दूर’ (१९८१) हा हिंदी चित्रपट याच संदर्भात तपासण्याजोगा आहे. तेथेही दिल्लीत एका खोलीत राहणारे तीन तरुण आहेत. नेहाकडे डाळ न शिजलेले ओमी व जोमो आपल्या विजयाच्या कपोलकल्पित कथा रचून सांगतात, आणि सिद्धार्थ तिच्यात गुंतल्यावर तिच्याविषयी त्याचे मन कलुषित करतात. ‘शाकुंतला’त नायक मित्राला खोटे सांगतो; येथे मित्र नायकाला. परंतु प्रेक्षकाला हे खोटे आधीच ठाऊक असते, कारण नेहाच्या घरी काय घडले ते त्याने पाहिलेले असते. नेहा दारोदार ‘चमको’ साबणचूर्ण विकते, गाणे शिकते. तिच्या दिवसाला स्वतःचा क्रम आहे. म्हणून मित्रांची बढाई हाच हास्याचा विषय होतो, नेहा होत नाही.

मात्र स्त्रीने लिहिले म्हणून नायिका आपोआप स्वतंत्र झाली, असा निष्कर्ष घाईचा ठरेल. याच चित्रपटाच्या शेवटी लटके अपहरण खरे होऊन बसते आणि हीच नेहा सुटकेची वाट पाहणारी बंदिनी ठरते. कर्त्याची दृष्टी आणि प्रकाराचे संकेत या दोन भिन्न शक्ती आहेत, आणि दुसरी शक्ती पहिलीवर मात करू शकते. ‘पडल क्रूझर’मध्ये त्या दोन्ही एकाच दिशेने ओढतात, हा त्याच्या जोमाचा आणि मर्यादेचाही उगम आहे. महाविद्यालयीन मंडळांच्या एकांकिका व प्रहसने अभ्यासताना म्हणूनच हशा कोठे पिकतो एवढे नोंदवून थांबता येत नाही. संहिता रचली जात असताना त्या खोलीत कोण कोण बसले होते, हेही विचारावे लागते.