आईची भूमिका घ्यावी का?

चि. मुक्ता,


तिशीच्या आतच मालिकेत आईची भूमिका चालून आली आहे. हो म्हटलं तर कायमचा शिक्का बसेल, ही तुझी धास्ती अगदीच खोटी नाही. पण नकार कळवण्याआधी दुर्गा खोटे यांची कारकीर्द नीट बघ. १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ या बोलपटात त्या नायिका झाल्या तेव्हा सत्तावीस वर्षांच्या होत्या, आणि ती नायिका होती तारामती, रोहिदासाची आई. पार्श्वगायनाची सोय नव्हती. कॅमेऱ्यासमोर अभिनय करता करता गाणंही स्वतःच म्हणायचं. १९३६ च्या ‘अमर ज्योती’त त्यांची सौदामिनी चाचेगिरीला लागते ती पोटचं मूल हिरावून घेतलं गेलं म्हणून. भूमिका आईची आहे म्हणून दुय्यम ठरते, हे मग कसं मान्य करायचं? पात्राच्या वयापेक्षा मला एक गोष्ट मोठी वाटते: प्रसंग अटीतटीला आला की निर्णय त्या पात्राला घ्यावा लागतो की नाही. ‘मुघल-ए-आझम’मधली जोधाबाई आठव. नवरा आणि मुलगा एकमेकांवर सैन्य घेऊन उठले आहेत आणि तिला दोघांपैकी कुणालाच सोडता येत नाही. दुर्गाबाई तेव्हा पंचावन्नच्या होत्या.

तू म्हणशील, त्या सुशिक्षित, सुखवस्तू घरातल्या, त्यांना दारं आपोआप उघडली. घराण्याच्या नावाचा उपयोग झाला असेलही. पण १९३१ च्या ‘फरेबी जाल’मधल्या छोट्याशा कामाने त्याच प्रतिष्ठित समाजाकडून त्यांच्या वाट्याला टीका आली. सासरची श्रीमंती ओसरली, ऐन तारुण्यात वैधव्य आलं, दोन मुलगे वाढवायचे होते. काम ही त्यांची गरज होती. तरीही एकाच कंपनीशी स्वतःला बांधून न घेता त्या प्रभातमध्ये वावरल्या, कलकत्त्याला न्यू थिएटर्सकडेही गेल्या. तो काळ मासिक पगारावरच्या नटनट्यांचा होता, हे लक्षात घेतलंस तर त्यातलं धाडस कळेल.

तुझा दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे: आजच्या मालिकांतली आई नुसती रडते, नाहीतर कट रचते. खरं आहे. हिंदी सिनेमात दुर्गाबाईंनाही ठरीव साच्याच्या कितीतरी आया कराव्या लागल्या; त्या सगळ्याच थोर होत्या असं मी म्हणणार नाही. पण पडदा त्यांना जे देत नव्हता ते त्यांनी रंगभूमीवर मिळवलं. मुंबई मराठी साहित्य संघाच्या ‘भाऊबंदकी’त त्या आनंदीबाई झाल्या, ‘राजमुकुट’मध्ये मॅकबेथच्या राणीचं काम केलं. पडद्यावर सोसणारी आई आणि रंगमंचावर सत्तेसाठी पेटलेली बाई, दोन्ही भूमिका एकाच नटीच्या. १९७४ च्या ‘बिदाई’साठी सत्तरीच्या सुमारास त्यांना फिल्मफेअर मिळालं, त्यामागे ही तालीम होती असं माझं ठाम मत आहे.

म्हणून भूमिका घे, पण आधी पहिल्या काही भागांच्या संहिता मागून घे आणि ती आई स्वतःहून काय करते ते बघ. काहीच करत नसेल तर पैसे कितीही असोत, सोडून दे. आणि दुर्गाबाईंसारखी तुझीही रंगभूमी सुटू नये म्हणून करारात नाटकाच्या तारखा लेखी राखून घे. निर्मात्याच्या तोंडी शब्दावर तालमी ठरवू नकोस.

तुझी,
मावशी