आश्रमातील शिष्या : मीराबेन



गुरूजवळ राहणे म्हणजे काय, हा प्रश्न आपल्याला फारसा पडत नाही. शाळेत नाव घातले, वर्गात बसलो, झालो विद्यार्थी! या निमित्ताने एका इंग्रज स्त्रीचे चरित्र आपण सर्वांनी अभ्यासण्यासारखे आहे.

मॅडेलिन स्लेड यांचा जन्म २२ नोव्हेंबर १८९२ रोजी इंग्लंडमध्ये झाला. वडील ब्रिटिश आरमारात मोठे अधिकारी. घरात कशाची वाण नव्हती, पण मन मात्र बीथोव्हेनच्या संगीतात रमलेले. त्या ओढीनेच त्या फ्रेंच लेखक रोमाँ रोलाँ यांच्याकडे गेल्या. रोलाँ यांनी महात्मा गांधींवर एक छोटे पुस्तक लिहिले होते. ते वाचताच मॅडेलिन यांना आपला मार्ग सापडला. लगेच त्यांनी भारतात येण्यासाठी बोटीचे तिकीट काढले.

आणि मग थांबल्या! आश्रमात राहण्याची आपली तयारी कुठे आहे, असे त्यांच्या मनात आले. प्रवास त्यांनी एक वर्ष पुढे ढकलला. त्या वर्षात मांस व मद्य सोडले, जमिनीवर झोपण्याची आणि मांडी घालून बसण्याची सवय केली, सूतकताई शिकल्या. हे सारे कोणी सांगितले म्हणून नव्हे, स्वतःहून केले.

७ नोव्हेंबर १९२५ रोजी त्या साबरमती आश्रमात पोहोचल्या. गांधीजींनी त्यांना मुलीप्रमाणे जवळ केले आणि मीरा हे नाव दिले. पण लाड मात्र झाले नाहीत. संडास-सफाई, कताई, पिंजण ही कामे त्यांच्याही वाट्याला आली. तिशी उलटल्यावर हिंदीची मुळाक्षरे गिरवावी लागली. पदवीपर्यंत हिंदी माध्यमात शिकून पुढे मराठीत लिहू लागलेल्या माझ्यासारख्याला त्यांची धडपड चांगली समजते. चुकण्याची लाज बाळगली तर भाषा येत नाही.

खरी कसोटी वेगळीच होती. मीराबेनना बापूंच्या सहवासाची फार ओढ. बापू मात्र त्यांना वारंवार कामासाठी दूर पाठवीत. विरहाने त्या व्याकूळ होत. माझ्या देहाला नव्हे, माझ्या कामाला धरून राहा, असे बापू पत्रांतून परोपरीने समजावीत. हा धडा त्यांना सोपा गेला नाही, त्याला कित्येक वर्षे लागली.

पुढे वर्ध्याजवळच्या सिंदी गावात त्यांनी सफाईचे काम केले. नंतर त्या सेगावात राहावयास गेल्या. १९३६ साली गांधीजीही तेथे आले. तेच आजचे सेवाग्राम. ऑगस्ट १९४२ पासून त्या पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये स्थानबद्ध होत्या. महादेवभाई देसाई आणि कस्तुरबा यांचे मृत्यू त्यांनी तेथेच पाहिले. गांधीजींच्या निधनानंतरही हिमालयाच्या परिसरात गोसेवा व ग्रामसेवा चालू ठेवली. १९५९ साली त्यांनी भारत सोडला आणि अखेरची वर्षे बीथोव्हेनच्या कर्मभूमीत, ऑस्ट्रियात काढली. २० जुलै १९८२ रोजी तेथेच त्यांचे निधन झाले.

पालकहो, मुलाच्या दप्तरापासून गृहपाठापर्यंत सर्वत्र आपला हात असतो. प्रेमापोटीच असतो, हे मान्य. आम्ही शिक्षकही यात मागे नाही, उत्तरे तयार करून फळ्यावर लिहून देतो. पण ज्याच्यावर माया आहे त्यालाच दूर उभे करण्याचे धैर्य बापूंनी दाखविले, ते आपल्यात आहे का? आणि मुलांनो, शिक्षक जवळ नसताना तुम्ही जे करता, तोच तुमचा खरा अभ्यास.

विचार करा व वहीत लिहा :
१. मॅडेलिन यांनी प्रवास एक वर्ष पुढे का ढकलला?
२. बापू मीराबेनना दूर का पाठवीत?
३. कोणी न सांगता तुम्ही या आठवड्यात कोणते काम केले? (हे उत्तर पालकांनीही लिहावे.)