१४ एप्रिल आणि अग्निशामकांचे स्मारक

१४ एप्रिल ही तारीख भारतरत्न डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांची जयंती म्हणून जामसांवलीसारख्या गावातील शाळेच्या मुलांनाही ठाऊक असते. याच दिवशी देशभरातील अग्निशामक दले कर्तव्य बजावताना मृत्युमुखी पडलेल्या आपल्या सहकाऱ्यांना मानवंदना देतात व अग्निशमन सेवा सप्ताहास प्रारंभ होतो. मुंबई अग्निशामक दलाच्या भायखळा येथील मुख्यालयात अशा जवानांचे स्मारक असून तेथे पुष्पचक्रे अर्पण करण्यात येतात. या प्रथेचे मूळ १९४४ सालच्या एका दुर्घटनेत आहे.

‘फोर्ट स्टिकीन’ हे मालवाहू जहाज २४ फेब्रुवारी १९४४ रोजी इंग्लंडमधील बर्कनहेड येथून निघाले व कराचीमार्गे १२ एप्रिल रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत आले. जहाजावर सुमारे १,४०० टन स्फोटके होती, शिवाय सोन्याच्या विटाही होत्या. कराचीस त्यात कापसाच्या सुमारे ८,७०० गाठी भरण्यात आल्या. एकाच तळघरात खाली कापूस व वर स्फोटके अशी ही रचना होती. युद्धकाळाची निकड लक्षात घेतली तरी ती अक्षम्यच म्हणावी लागेल.

१४ तारखेस दुपारी धूर दिसू लागला. अग्निशामक दलाने जहाजात नऊशे टनांहून अधिक पाणी सोडले, तरी आग आटोक्यात आली नाही. याचे कारण सौंसर-पांढुर्णा भागातील कापूस उत्पादकांस चटकन उमगेल. दाबून बांधलेल्या गाठीची आग आतल्या आत धुमसत राहते. वरून ओतलेले पाणी तिच्या गाभ्यापर्यंत पोहोचत नाही. येथे तर तळघरात पाणी साचू लागताच जळत्या गाठी तरंगून वर आल्या आणि स्फोटकांच्या अधिकच जवळ गेल्या. जहाज तेथेच बुडवावे की बंदराबाहेर ओढून न्यावे, यावर अधिकाऱ्यांत एकमत झाले नाही. तोपर्यंत जवान नळ्या धरून उभेच होते.

४ वाजून ६ मिनिटांनी पहिला स्फोट झाला व अर्ध्या तासाच्या आत दुसरा. ‘जलपद्म’ नावाचे शेजारचे जहाज उचलले जाऊन धक्क्यावर आदळले. भूकंपमापक यंत्रांवर या हादऱ्याची नोंद झाली. सोन्याच्या विटा दूरवरच्या वस्तीत जाऊन पडल्या, हा तपशील लोक अद्यापि चवीने सांगतात. शेकडो नागरिक व गोदी कामगार मरण पावले. अग्निशामक दलाचे ६६ जण त्या दिवशी परतले नाहीत. दलाचे प्रमुख नॉर्मन कूम्ब्स जखमी झाले, परंतु बचावले. युद्धकालीन वृत्तनियंत्रणामुळे या घटनेचे वृत्त कित्येक दिवस वृत्तपत्रांत येऊ शकले नाही. त्यामुळे मृतांच्या नावांची सार्वजनिक नोंद म्हणून भायखळ्याच्या स्मारकास निराळे महत्त्व आहे.

अग्निशामकांच्या बलिदानाची ही नोंद १९४४ पाशी थांबत नाही. ९ मे २०१५ रोजी मुंबईतील काळबादेवी येथे एका जुन्या इमारतीस आग लागली. रहिवाशांना बाहेर काढण्यात आल्यावर जवान आग विझवीत असता इमारत कोसळली. या दुर्घटनेत दलाचे चार अधिकारी मरण पावले; त्यांपैकी दोघांचा मृत्यू पुढे रुग्णालयात झाला. मुंबई अग्निशामक दलाचे तत्कालीन प्रमुख सुनील नेसरीकर हे त्या चौघांपैकी एक होत.